मोठा झालेला पीटर पॅन

परवाच्या रविवारी ताईकडे जेवायला गेलो होतो. जेवणं आटोपल्यावर भाचीने फर्मान काढलं, "मामा, पीटर पॅन लाव." डिस्नेचा, १९५३ सालचा. तिचं वय वर्षं सहा आणि हा सिनेमा तिने तीसेक वेळा तरी पाहिला असेल. तरीसुद्धा पीटर खिडकीतून आत आला की ती सोफ्यावर उठून उभी राहते. मी सवयीप्रमाणे ज्ञान पाजळलं, की चित्रं जरी हाताने काढलेली असली तरी आवाज खऱ्याखुऱ्या मुलाचा आहे बरं का! त्यावर तिने विचारलं, "मग तो मुलगा आता कुठे असतो?"

मला माहीत नव्हतं. फोनवर शोधलं. जे वाचलं ते सहा वर्षांच्या मुलीला सांगण्यासारखं नव्हतं. "तो ना, नेव्हरलँडला असतो," असं काहीतरी बोलून वेळ मारून नेली.

निघताना ताईने जिन्यात गाठलं. भाचीचा गॅदरिंगमधला नाच कुणीतरी कुणालातरी दाखवला होता आणि एका बिस्किटाच्या जाहिरातीच्या ऑडिशनसाठी बोलावणं आलं होतं. भाऊजींचं मत, "जाऊ दे की, मजा येईल." आजीचं मत, "नजर लागेल पोरीला." ताईचं मत ठरत नव्हतं. "तू एवढे सिनेमे बघतोस, तूच सांग." आता माझा आणि सिनेमाधंद्याचा संबंध म्हणजे तिकीट काढण्यापुरता. पोटापाण्यासाठी दिवसभर दुसऱ्यांच्या कोडमधले बग शोधणारा माणूस मी! पण डोक्यात नुकताच वाचलेला तो मुलगा होता. म्हटलं, "ताई, आठवडाभर थांब. सांगतो."

तर मंडळी, हा आठवडा मी बॉबी ड्रिस्कॉलबरोबर काढला.

बॉबीचा जन्म ३ मार्च १९३७ चा, अमेरिकेतल्या आयोवा राज्यातल्या सीडर रॅपिड्स गावचा. वडील इन्सुलेशनचं सामान विकायचे, आई लग्नाआधी शाळेत शिकवायची. म्हणजे अगदी आपल्यासारखं मध्यमवर्गीय घर, सिनेमाशी सुतराम संबंध नाही. ॲस्बेस्टॉस हाताळून हाताळून वडिलांच्या फुप्फुसांना त्रास व्हायला लागला, डॉक्टरांनी हवापालट करायला सांगितलं, आणि १९४३ मध्ये हे कुटुंब कॅलिफोर्नियात आलं. तिथे केस कापायला गेले असताना न्हाव्याने सुचवलं, की पोरगं गोड आहे, स्टुडिओत दाखवा एकदा. एमजीएमच्या ऑडिशनला सेटवर जहाजाची प्रतिकृती होती. तिच्याकडे बघून पोराने म्हणे पहिला प्रश्न विचारला तो पाण्याबद्दल, पाणी आहे कुठे? अशा चौकस पोराला काम मिळायचंच. त्याच वर्षीच्या 'लॉस्ट एंजल'मध्ये छोटीशी भूमिका मिळाली आणि पाठोपाठ १९४४ च्या 'द फायटिंग सलिव्हन्स'मध्येही.

बघा, इथपर्यंत कुणाचं काही चुकलंय का? आजारी वडील, चारचौघांसारखी आई आणि एक हौशी न्हावी. आमच्या ताईच्या गोष्टीत न्हाव्याच्या जागी गॅदरिंगचा व्हिडिओ आहे, एवढाच फरक.

आता थोडं डिस्नेबद्दल. आज डिस्ने म्हटलं की अवाढव्य कंपनी डोळ्यांसमोर येते, पण दुसरं महायुद्ध संपलं तेव्हा त्या स्टुडिओची अवस्था बिकट होती. युद्धामुळे युरोपची बाजारपेठ गेलेली, १९४१ मध्ये चित्रकारांचा मोठा संप होऊन गेलेला, डोक्यावर बँकेचं कर्ज. हाताने चित्रं काढून पूर्ण लांबीचा सिनेमा करायचा म्हणजे प्रचंड खर्च. मग वॉल्ट डिस्नेने व्यवहारी मार्ग काढला. निम्माअधिक सिनेमा खऱ्या नटांना घेऊन करायचा आणि मधे मधे ॲनिमेशन घालायचं. त्यासाठी लागणार होती खरी मुलं. १९४६ च्या 'साँग ऑफ द साउथ'साठी बॉबी आणि ल्युआना पॅटन ही छोटी मुलगी अशा दोघांना डिस्नेने करारावर घेतलं. त्याआधी डिस्नेने नटांना असं करारावर बांधलंच नव्हतं. कंपनीचे पहिले पर्मनंट नट म्हणा ना, वय वर्षं नऊ आणि आठ!

'साँग ऑफ द साउथ' हा सिनेमा आज बघायला मिळणं कठीण आहे. गुलामगिरीनंतरच्या दक्षिणेचं त्यात जे गोडगोड चित्र आहे, त्यावरून तेव्हाही टीका झाली होती. १९८६ नंतर तो अमेरिकेत थिएटरांत पुन्हा लागला नाही, आणि घरी बघण्यासाठी तर डिस्नेने तो तिथे कधीच बाजारात आणला नाही. त्यातला अंकल रीमस करणारा जेम्स बास्केट हा कृष्णवर्णीय नट सिनेमाच्या पहिल्या खेळाला हजर नव्हता, कारण तो खेळ अटलांटामध्ये होता आणि तिथे वर्णभेदाचे कायदे लागू होते. पुढे १९४८ मध्ये त्याला खास ऑस्कर मिळालं, आणि त्याच वर्षी तो वारला. एकाच सिनेमातले हे दोघे. सिनेमाने कुणाला काय दिलं आणि काय दिलं नाही, याचा हिशेब मांडायचा तर तिथूनच सुरुवात होते. असो.

बॉबीची गाडी मात्र सुसाट निघाली. १९४९ मध्ये 'सो डिअर टू माय हार्ट' आला. खेड्यातला मुलगा आणि त्याचं काळं कोकरू यांची साधी गोष्ट, अधूनमधून ॲनिमेशन. वॉल्टला या पोरात स्वतःचं बालपण दिसायचं असं म्हणतात आणि हा सिनेमा बघताना ते पटतं. डिस्नेने त्याला आरकेओ या दुसऱ्या स्टुडिओलाही उसना दिला (हो, करारावरचे नट असे उसने दिले जायचे, जसे आपल्याकडे लोक क्लायंट साइटवर पाठवतात). तो सिनेमा म्हणजे 'द विंडो'. उकाड्याच्या रात्री बाहेरच्या लोखंडी जिन्यावर झोपलेल्या मुलाला वरच्या मजल्यावरचा खून दिसतो. पण पोरगं एरवी थापा मारण्यासाठी प्रसिद्ध, त्यामुळे आईवडील विश्वास ठेवत नाहीत, पोलीस ठेवत नाहीत. विश्वास ठेवतो फक्त खुनी!

जमलं तर 'द विंडो' जरूर बघा. जेमतेम सव्वा तासाचा आहे. त्यात बॉबी 'गोड' वगैरे अजिबात नाही. घाबरलेला आहे आणि सगळी मोठी माणसं त्याला समजुतीच्या सुरात सांगतायत, की बाळा, तुला वाटतंय तसं काही नाहीये. मी हा सिनेमा बुधवारी रात्री पाहिला. पुढे या मुलाचं काय झालं हे माहीत असताना ते सीन बघवत नाहीत.

या दोन सिनेमांसाठी मार्च १९५० मध्ये बॉबीला ऑस्कर मिळालं. त्या काळी मुलांसाठी वेगळं, आकाराने छोटं ऑस्कर देत असत. शर्ली टेंपलपासून सुरुवात झाली आणि १९६१ च्या समारंभात हेली मिल्सला मिळालं ते शेवटचं. एवढ्या वर्षांत फक्त बारा मुलांना ही बाहुली मिळाली. बॉबी त्यातला एक, वय तेरा.

त्यानंतर 'ट्रेझर आयलंड'. हा किस्सा मला फार आवडला, कारण त्यात फॉरेन एक्स्चेंजपासून वर्क परमिटपर्यंत सगळं आहे. युद्धानंतर ब्रिटनने पैसा देशाबाहेर नेण्यावर निर्बंध घातले होते. डिस्नेच्या सिनेमांची तिथली कमाई तिथेच अडकून पडली. मग तो पैसा तिथेच खर्च करा, म्हणजे तिथेच सिनेमा काढा! अशा रीतीने डिस्नेचा पहिला संपूर्ण 'ॲनिमेशन नसलेला' सिनेमा १९४९ मध्ये इंग्लंडात चित्रित झाला आणि १९५० मध्ये लागला. जिम हॉकिन्स बॉबी, आणि लाँग जॉन सिल्व्हर रॉबर्ट न्यूटन. सगळी कलाकार मंडळी ब्रिटिश, हा एकटा अमेरिकन. आणि ऐन चित्रीकरणात लक्षात आलं, की पोराकडे तिथे काम करायचा रीतसर परवानाच नाही. प्रकरण कोर्टात गेलं, दंड झाला, देश सोडायचा हुकूम निघाला. अपील करण्यासाठी काही आठवड्यांची मुदत मिळाली. तेवढ्यात दिग्दर्शक बायरन हॅस्किनने बॉबीचे सगळे क्लोज-अप उरकून घेतले. बॉबी अमेरिकेला परत गेल्यावर उरलेले लांबचे शॉट दुसऱ्या मुलाला उभं करून घेतले.

डेडलाइन सांभाळण्याची ही करामत वाचून मी आधी हसलो. मग जाणवलं, की चेहरा घेऊन झाला की उरलेल्या मुलावाचून काम अडत नाही, हे स्टुडिओला तेव्हाच कळलं होतं.

आता पीटर पॅन. जे. एम. बॅरीचं हे नाटक १९०४ मध्ये लंडनला पहिल्यांदा झालं. तेव्हापासून रंगभूमीवर पीटरची भूमिका बायकांनी करायची परंपरा होती. डिस्नेने ती मोडली आणि खऱ्या मुलाला घेतलं. तोवर बॉबीने कार्टून फिल्ममध्ये गूफीच्या मुलाला आवाज देऊन झाला होता, म्हणजे माइकची सवय होती.

ॲनिमेशनमध्ये आवाज आधी रेकॉर्ड करतात आणि चित्रं नंतर काढतात, हे मला या आठवड्यापर्यंत नीट माहीत नव्हतं. मला वाटायचं डबिंगसारखं उलटं असेल. चित्रकार तो आवाज पुन्हा पुन्हा ऐकतो, ओठांची हालचाल त्याच्यावर बसवतो, आणि श्वास कुठे घेतला, कुठे आवाज चढला, त्यावरून भुवया आणि खांदे ठरवतो. शिवाय डिस्नेमध्ये नटांकडून प्रसंग करून घेऊन त्याचं चित्रीकरण संदर्भासाठी समोर ठेवत. पीटरच्या जवळच्या हावभावांसाठी बॉबी होता आणि उड्या-उड्डाणांसाठी रोलंड डुप्री नावाचा नर्तक. पीटर रेखाटायची मुख्य जबाबदारी मिल्ट काल या दिग्गज ॲनिमेटरकडे होती. त्यामुळे पडद्यावरच्या पीटरमध्ये बॉबीचा फक्त आवाज नाही. बॉबीचा एखादा फोटो समोर ठेवा आणि पीटरचं ते अपरं नाक बघा, मी काय म्हणतोय ते कळेल.

फेब्रुवारी १९५३ मध्ये सिनेमा लागला आणि जोरात चालला. मोठं व्हायला नकार देणारा मुलगा सगळ्या जगाने डोक्यावर घेतला.

आणि साधारण महिन्याभरात डिस्नेने बॉबीचा करार संपवला.

कारण सांगायचं तर एका शब्दात सांगता येतं. तो मोठा झाला होता. सोळा वर्षांचा. आवाज फुटलेला आणि चेहऱ्यावर मुरमांचा असा उठाव, की टीव्हीवरच्या कामासाठी थरच्या थर मेकअप लागायचा. ज्या रंगरूपासाठी घेतलं होतं ते राहिलं नव्हतं. धंद्याच्या हिशेबाने निर्णय बरोबरच म्हणायचा. दोन वर्षांत, १९५५ मध्ये, टीव्हीवर 'मिकी माउस क्लब' सुरू झाला आणि स्टुडिओकडे एक-दोन नव्हे, नव्या मुलांची आख्खी बॅच आली.

घरच्यांनी काय केलं? त्यांनीही शहाणपणाचंच केलं, निदान वरवर बघता. नटमंडळींच्या मुलांच्या खास शाळेतून काढून त्याला नेहमीच्या सरकारी हायस्कुलात घातलं, म्हणजे पोरगं चारचौघांसारखं वाढेल. पण चारचौघांना तो चांगला माहीत होता. 'पीटर पॅन' म्हणून वर्गात जी काही टर उडवली गेली असेल त्याची कल्पना आपण करू शकतो. त्या वयातली मुलं काय असतात हे काय वेगळं सांगायला हवं? तिथेच तो ड्रग्जच्या नादी लागला. मार्क घसरले. हट्ट करून जुन्या शाळेत परतला आणि १९५५ मध्ये कसाबसा पास होऊन बाहेर पडला.

यापुढचा भाग भराभर सांगतो, कारण त्यात रमण्यासारखं काही नाही. टीव्हीवर किरकोळ कामं. १९५६ मध्ये पहिली अटक. त्याच वर्षाच्या शेवटी, विशीच्या आत, पळून जाऊन लग्न. तीन मुलं, मग घटस्फोट. १९५८ चा 'द पार्टी क्रॅशर्स' हा त्याचा शेवटचा हॉलिवुडी सिनेमा. तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता. आपल्याकडे त्या वयात लोक कॅम्पस इंटरव्ह्यूला बसतात! १९६१ मध्ये व्यसनी म्हणून शिक्षा झाली आणि कॅलिफोर्नियातल्या चिनो इथल्या तुरुंगाच्या व्यसनमुक्ती केंद्रात त्याला ठेवलं गेलं. बाहेर आल्यावर हॉलिवुडमध्ये काम मिळेना. आधी चांदीच्या ताटातून मिरवलं आणि मग कचऱ्यात फेकलं, अशा अर्थाचं काहीतरी तो बोलला होता असं सांगतात.

१९६५ मध्ये तो न्यूयॉर्कला गेला. नाटकात नशीब आजमावायचं होतं, जमलं नाही. अँडी वॉरहॉलच्या 'फॅक्टरी' नावाच्या अड्ड्यावर जी कलाकार मंडळी जमायची त्यांच्यात तो ऊठबस करू लागला. तिथे एका प्रायोगिक लघुपटात दिसला. या काळात तो कोलाज करायचा, म्हणजे कागदं, चित्रं चिकटवून केलेली कला, आणि जाणकारांनी त्याचं कौतुक केलेलं आहे. आवाज गेला, चेहरा गेला, तरी आत काहीतरी शिल्लक होतं, एवढं खरं.

३० मार्च १९६८. न्यूयॉर्कच्या ईस्ट व्हिलेज भागात एका ओसाड पडक्या इमारतीत दोन मुलं खेळायला शिरली. तिथे खाटेवर एका माणसाचं प्रेत होतं. हृदय बंद पडलं होतं, रक्तवाहिन्या व्यसनाने पार खराब झालेल्या. वय नंतर कळलं, एकतीस. खिशात ओळख पटेल असं काही नाही. पोलिसांनी फोटो घेऊन आसपास विचारपूस केली, कुणी ओळखलं नाही. बेवारस म्हणून त्याला हार्ट आयलंडवर पुरलं.

पुन्हा वाचा. ज्याचा आवाज लाखो घरांत पोचला होता त्याचा फोटो त्याच देशातल्या सर्वांत मोठ्या शहरात दारोदार दाखवला आणि कुणीही ओळखला नाही.

हार्ट आयलंड म्हणजे न्यूयॉर्कच्या ब्राँक्सजवळचं एक बेट. ज्यांचं कुणी नाही किंवा ज्यांच्या अंत्यविधीला पैसे नाहीत, अशांना १८६९ पासून तिथे पुरतात. आतापर्यंत दहा लाखांवर माणसं तिथे आहेत. लांब चर खणायचे, साध्या फळ्यांच्या पेट्या एकावर एक रचायच्या आणि माती लोटायची. नावाचा दगड नाही. अनेक दशकं हे काम तुरुंगातल्या कैद्यांकडून करून घेत. २०२० मध्ये कोविडच्या वेळी वरून घेतलेले तिथले फोटो जगभर गेले, ते तुम्हीही पाहिले असतील. २०२१ मध्ये बेटाचा ताबा तुरुंग खात्याकडून उद्यान खात्याकडे गेला आणि २०२३ पासून सर्वसामान्य लोकांना तिथे ठरावीक दिवशी जाता येऊ लागलं. बॉबी आजही तिथेच आहे.

घरी काहीच माहीत नव्हतं. १९६९ च्या अखेरीला वडील मरणपंथाला लागले, तेव्हा आईने मुलाचा शोध सुरू केला, निदान शेवटची भेट तरी व्हावी म्हणून. तिने डिस्ने स्टुडिओतल्या अधिकाऱ्यांची मदत घेतली. बोटांचे ठसे न्यूयॉर्क पोलिसांकडच्या नोंदीशी जुळले आणि कळलं, की मुलगा दीड वर्षापूर्वीच गेलाय. पुढे कॅलिफोर्नियात वडिलांच्या थडग्यावरच्या दगडावर त्याचंही नाव कोरलं. दगड एकीकडे, माणूस देशाच्या दुसऱ्या टोकाला. जगाला बातमी कळायला आणखी दोनेक वर्षं लागली. 'साँग ऑफ द साउथ' पुन्हा थिएटरात लागला, तेव्हा कुणीतरी चौकशी केली की यातला तो मुलगा सध्या काय करतो?

म्हणजे भाचीचाच प्रश्न. पन्नासेक वर्षं आधी विचारलेला.

आता तुम्ही म्हणाल, दोष कुणाचा? मी आठवडाभर खलनायक शोधत होतो, सापडला नाही. कायदा नव्हता म्हणावं, तर होता. जॅकी कूगन या बालनटाने चॅप्लिनच्या 'द किड'पासून लाखो डॉलर कमावले आणि मोठा झाल्यावर त्याला कळलं की आई आणि सावत्र बाप यांनी ते उडवले. १९३८ मध्ये तो कोर्टात गेला आणि १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात कायदा झाला, की मुलाच्या कमाईतला भाग न्यायालय बाजूला ठेवायला लावू शकेल. पण कायद्याने विचार केला तो पैशाचा. सोळाव्या वर्षी 'तुझी गरज नाही' हे ऐकणाऱ्या मुलाचं काय, याचं कलम कुठल्याच कायद्यात नव्हतं.

गंमत म्हणजे पीटर पॅन या पात्राची काळजी मात्र नीट घेतली गेली. बॅरीने १९२९ मध्ये त्याचे हक्क लंडनच्या ग्रेट ऑर्मंड स्ट्रीट या मुलांच्या हॉस्पिटलला देऊन टाकले. कॉपीराइटची मुदत संपली तेव्हा १९८८ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटने खास कलम घालून, तिथली रॉयल्टी हॉस्पिटलला कायमची मिळत राहील अशी सोय केली. फार चांगली गोष्ट आहे, कितीतरी आजारी मुलांना त्याचा फायदा झाला. पण न वाढणाऱ्या काल्पनिक मुलासाठी पार्लमेंट बसलं आणि वाढणाऱ्या खऱ्या मुलासाठी कुणी बसलं नाही, हे डोक्यातून जात नाही.

आणि इथे कॅथरीन बोमाँटबद्दल सांगायला हवं, नाहीतर गोष्ट अर्धी राहील. त्याच सिनेमातल्या वेंडीचा आवाज तिचा. त्याआधीच्या 'ॲलिस इन वंडरलँड'मधली ॲलिसही तीच. बॉबीपेक्षा वर्षभराने लहान. पीटर पॅननंतर तिनेही सिनेमा सोडला, शिकली, आणि कॅलिफोर्नियात प्राथमिक शाळेत ३६ वर्षं शिकवलं. मधल्या काळात वेंडीच्या आवाजाची गरज पडली की जाऊन रेकॉर्ड करून यायची. १९९८ मध्ये डिस्नेने तिला 'डिस्ने लेजंड' म्हणून गौरवलं. तोच स्टुडिओ आणि तोच सिनेमा. तिच्याकडे परत जायला एक वर्ग होता, फळा होता, तिला 'वेंडी' न म्हणणारी माणसं होती. ती शहाणी होती आणि तो नव्हता, एवढं सोपं गणित मात्र मांडू नका. ती चित्राआड लपलेली होती. पडद्यावर तिचा चेहरा फारसा कुणी पाहिला नव्हता. बॉबीचा सगळ्यांनी पाहिला होता.

हे सगळं मला इतकं का लागलं, ते सांगतो. २००९ च्या मंदीत आमच्या टीममधल्या एकाला काढलं. त्याने दोन वर्षं खपून लिहिलेलं मोड्यूल शुक्रवारी लाइव्ह गेलं, केक कापला आणि पुढच्या आठवड्यात एचआरने बोलावलं. जाण्याआधी त्याच्याकडून रीतसर नॉलेज ट्रान्स्फर करून घेतलं, फाइलींची यादी, पासवर्ड, सगळं. कोडचा हँडओव्हर चोख झाला. त्याचा स्वतःचा हँडओव्हर कुणाकडे? ते कुणाच्याच चेकलिस्टमध्ये नव्हतं, माझ्याही नाही. मी चार-पाच वर्षांनी तिथून निघालो तेव्हा ते मोड्यूल चालूच होतं, कॉमेंटमध्ये त्याची आद्याक्षरं होती. मी त्याला त्यानंतर एकदाच फोन केला होता. तो एकोणतीस वर्षांचा, डिग्रीवाला, त्याला दुसरी नोकरी मिळाली असेल. 'असेल' म्हणतोय, कारण मी विचारलंच नाही. बॉबी सोळा वर्षांचा होता.

शुक्रवारी ताईला फोन केला. आपल्याकडचे नियमही वाचून ठेवले होते. २०१७ पासून केंद्राच्या नियमांत बालकलाकारांसाठी अटी आहेत. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, सलग तीन तासांवर नाही, जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी हवी, आणि कमाईतले किमान २० टक्के मुलाच्या नावावर राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत. चांगले नियम आहेत. मी ताईला म्हटलं, "हे सगळं आधी विचारून घे, लाजू नकोस. पण नियम शूटिंगच्या दिवसापुरते असतात. त्यानंतरच्या सोमवारचं काय, ते तुला आणि भाऊजींनाच ठरवायचंय. तिला घेतलं नाही तर घरात काय बोलणार? घेतलं आणि पुढच्या वर्षी दात पडले म्हणून दुसरीला घेतलं, तर?"

ताई जरा वेळ गप्प होती. मग म्हणाली, "दात तर पुढच्या महिन्यातच पडणार, वरचा हलायला लागलाय." :-)

शेवटी त्यांनी ठरवलं ते असं. ऑडिशनला जायचं, सुट्टीच्या दिवशी असेल तरच. निवड झाली तर एवढं एकच काम. तिच्या नाचाचा क्लास आणि खालच्या मुलांबरोबरचं खेळणं बुडवायचं नाही. आणि काहीही झालं तरी आजीने सोसायटीत सांगत सुटायचं नाही (या अटीवर अजून वाटाघाटी चालू आहेत).

भाचीला मी खरं उत्तर अजून दिलेलं नाही. ते द्यायचं तिचं वय नाही. पण नेव्हरलँडची थाप मागे घेतली. फोनवर तिला म्हटलं, "तो मुलगा आता नाहीये. पण त्याचं नाव बॉबी होतं, बॉबी ड्रिस्कॉल."

आज सकाळी ताईचा मेसेज आला. पीटर पॅन पुन्हा लागलाय आणि पीटर खिडकीतून आत आल्यावर भाची उठून उभी राहिली आणि आजीला म्हणाली, "हा बॉबी बोलतोय."